वाचून सही केली

वकील आण्णासाहेबांनी शपथपत्र पुढं सरकवलं आणि पेनाचं टोपण काढून दिलं. "कर सही. सोमवारपासून परीक्षा आहे, आजच दाखल करू."

शिवांजली कागद वाचायला लागली. शेजारी तिची आई दैवशाला पदराचं टोक बोटाभोवती गुंडाळत बसली होती.

भांडण साधं होतं. मुलींची तांत्रिक शिक्षणाची फी सरकारनं माफ केली होती. तरी प्रवेशाच्या दिवशी इंजिनिअरिंग कॉलेजनं पालकांकडून छापील हमीपत्र घेतलं होतं: सरकारकडून रक्कम आली नाही तर फी आम्ही भरू. रक्कम आली नाही, आणि कॉलेजनं शिवांजलीचं हॉल तिकीट अडवलं. हमीपत्रावर सही करणारे तिचे वडील बिराप्पा गेल्या वैशाखात वारले होते.

पाचव्या परिच्छेदाशी ती थांबली. 'माझे वडील निरक्षर मेंढपाळ होते. मजकूर न समजता त्यांनी सही केली.'

"हे खोटं हाय, काका."

"मेंढरांमागं जन्म गेला त्यांचा. कोर्ट लगेच मानेल. सहीच्या वर त्यांनी लिहिलेले शब्द क्लार्कनं गिरवून घेतले म्हणू."

"कर की गं," दैवशाला पुटपुटली. "गेलेल्या माणसाला काय लागतंय त्याचं?"

शिवांजलीला अप्पा आठवले. तरुणपणी बिराप्पांनी न वाचता एका कागदावर अंगठा उठवला होता आणि हक्काची चराई गमावली होती. पुढं लेक पहिलीला गेली तेव्हा तिच्याच पाटीवर ते अक्षरं गिरवू लागले. तेव्हापासून प्रगतिपुस्तक असो की एसटीच्या पासाचा अर्ज, सहीच्या वर ते लिहायचेच: वाचून सही केली. भूमच्या बाजारात पेंडवाला चिडवायचा, "बिराप्पा, पेंडीच्या पोत्यावरचं बी वाचून घेतो का रं?"

"व्हय. म्हणून तर तुझ्याकडनं घेत न्हाय."

हमीपत्रावरही तेच तीन शब्द होते, आणि कॉलेजचा सगळा भार त्या शब्दांवरच होता.

"अप्पांना वाचता येत होतं," शिवांजली म्हणाली. "त्यांनी वाचलं, त्यांना कळलं, तरी सही केली. नसती केली तर मला आत घेतलं नसतं. तेवढंच लिहा."

"केस अवघड होईल, पोरी."

"होऊ द्या."

तिनं ती दोन वाक्यं खोडली. आण्णासाहेबांनी उसासा टाकून टायपिस्टला हाक मारली.

शुक्रवारी धाराशिवच्या कोर्टात कॉलेजच्या वकिलानं हमीपत्र उंच धरलं. "स्वतःच्या हातानं लिहिलंय, वाचून सही केली! आता तक्रार कसली?"

न्यायाधीशबाईंनी शिवांजलीकडं पाहिलं. "वडिलांना वाचता येत होतं?"

"येत होतं, मॅडम. ते वाचून घरी परत जायला निघाले होते. तेव्हा कॉलेजच्या खिडकीतून क्लार्कनं सांगितलं, मग जागा दुसरीला जाईल. म्हणून ते मागं फिरले."

न्यायाधीशबाई वकिलाकडं वळल्या. "या कागदावर सही न करता प्रवेश मिळालेली एक तरी मुलगी आहे?"

वकिलानं फाईल पुढून मागं, मागून पुढं चाळली. "माहिती घेऊन सांगतो."

"घ्या. तोवर हॉल तिकीट द्या. फीचं पुढच्या तारखेला पाहू."

बाहेर पायऱ्यांवर दैवशालानं विचारलं, "जिंकलो का?"

"निम्मं," आण्णासाहेब म्हणाले. "अजून बऱ्याच तारखा पडायच्यात."

शनिवारी कॉलेजच्या खिडकीत क्लार्कनं रजिस्टर पुढं ढकललं. "इथं सही. पटकन."

शिवांजली वाचू लागली. मागं रांगेत चुळबुळ झाली. "अगं, कादंबरी हाय का ती?" कुणीतरी हसलं. पानाच्या तळाशी बारीक अक्षरांत छापलं होतं: 'फीबाबत माझी कोणतीही तक्रार नाही.'

तिनं त्या ओळीवर सरळ रेघ मारली, वर तीन शब्द लिहिले आणि सही केली.

"असं चालत न्हाय!"

तिनं कोर्टाच्या आदेशाची प्रत खिडकीत ठेवली. "हे बी वाचा. मी थांबते."

क्लार्कनं वाचलं, आत जाऊन आला आणि हॉल तिकीट सरकवलं. ती बाजूला झाली, तोच मागच्या मुलीनं रजिस्टर आपल्याकडं ओढलं. "थांबा सर. काय छापलंय बघू दे."