आता बंद पडत नाही

"हिला काढ," दादा म्हणाला आणि त्याने पडद्यावरच बोट टेकवलं. तेलकट ठसा नेमका ताईच्या कपाळावर उमटला.

धाकट्याने तो रुमालाने पुसला. लोकांची लग्नं आणि वाढदिवस कापण्या-जोडण्यात त्याची निम्मी हयात या खोलीत गेली होती. स्टुडिओत त्याला सगळे कात्री म्हणत. 'नाही' म्हणायची धमक त्याच्यात कधीच नव्हती, पण सोय होती. सोडून गेलेली सून काढा, भांडलेला मेहुणा काढा, अशी गिऱ्हाइकं आली की तो चेहरा पाडून सांगायचा, "काढायला गेलं की प्रोग्रॅमच बंद पडतो हो. होतं नव्हतं ते सगळं जाईल." ते खोटंही नव्हतं. जुना प्रोग्रॅम नाजूक. जरा ओझं टाकलं की मान टाकायचा. लोक हळहळत परत जायचे आणि कात्री नामानिराळा राहायचा.

गेल्या आठवड्यात मालकाने नवी आवृत्ती बसवली. माणसाभोवती रेघ ओढली की माणूस गायब, आणि मागची भिंत आपोआप भरून येते. वर बंद पडायचं नाव नाही.

"दादा, आजारपणात आईचं सगळं ताईनेच केलं. आई दिसली की ती दिसणारच ना."

"म्हणूनच सांगतोय. घराच्या वाट्यासाठी भावांना कोर्टात ओढलं तिने. परवा आईच्या वर्षश्राद्धाला सगळे ही फिल्म बघणार, तेव्हा हिचं कौतुक ऐकत बसू?"

"पण मधेच प्रोग्रॅम बंद पडला तर..."

"तुझ्या मालकाला विचारूनच आत आलो. म्हणाला, आता नाही पडत." दादाने खुर्ची जवळ ओढली. "आणि माझ्या डोक्यावरचं छप्पर तेच तुझ्याही डोक्यावर आहे. उगाच बोलायला लावू नकोस."

धाकट्याने माउस हातात घेतला. लहानपणी त्याच्या वाटचा मार ताईने खाल्ला होता, आणि तेव्हाही तो काही बोलला नव्हता. त्याने रेघ ओढायला घेतली. केस, कान, खांदा, चमचा धरलेला हात. मग दादाच्या नकळत त्याने आणखी चार फिल्म्स उघडल्या, सगळ्या एकदम चालू केल्या. पड, मेल्या, पड, असं तो मनात म्हणत राहिला. आयुष्यात पहिल्यांदाच त्याने हातातलं काम बुडावं म्हणून देव पाण्यात घातले होते. काम किती झालं ते दाखवणारी पट्टी मुकाट पुढे सरकत गेली आणि भरली.

पडद्यावर आई उशीला टेकून बसली होती. शेजारी कोणी नव्हतं, नुसती स्वच्छ भिंत. आईने लहान मुलासारखा आ केला, थांबली, मग काहीतरी गिळलं. ओठ आपोआप पुसले गेले. धाकट्याला आपलीच शिसारी आली. त्याला वाटलं, आता तरी दादा म्हणेल, राहू दे.

दादा पुढे वाकला. आईने मान वळवली होती आणि भिंतीकडे बघून ती तोंडभर हसत होती.

"किती गोड हसतेय बघ," दादाचा आवाज खरोखरच भरून आला. "फिल्मच्या शेवटी हेच ठेव."

धाकट्याने तेच ठेवलं.