ज्योतीरामचा पहारा

"मावशी, आवाज वाढवू नका," चित्रण जुळवून देणारा धम्मरत्न म्हणाला. "खालच्या मजल्यावर ऐकू जातं."

भर दुपारी पिंपळे गुरवच्या त्या खोलीत अंधार होता. युद्ध सुरू झाल्यापासून खिडक्यांना काळा कागद लावायचा हुकूम होता. सोजरबाई चाकणहून बस बदलत आली होती. कॉम्प्युटरच्या पडद्यावर कंपनीचं गेट, उठाव केलेले कामगार, मग धूर. गोळीबार झालाच नाही, असं बातम्या सांगत होत्या. आज हे चित्रण बाहेर गेलं, की जगाला दिसणार होतं.

चित्रण तिच्या नवऱ्याच्या कॅमेऱ्यातलं. ज्योतीराम त्याच कंपनीत प्रेस मशीनवर कामाला. सुटीच्या दिवशी गावोगावची कीर्तनं फुकटात चित्रित करायचा आणि कॅमेऱ्यामागे स्वतःच गुणगुणायचा. "माऊली, कीर्तन आमचं का तुमचं?" असं एका महाराजांनी भर मंडपात विचारलं होतं. गेटवर चौघांनी आळीपाळीनं कॅमेरा धरला, तेव्हा नेम त्यानंच घालून दिला. सप्ताहात वीणा कधी जमिनीला टेकत नाही. आपल्या पाळीचा पहारा संपला, की पाया पडून दुसऱ्याच्या गळ्यात जाते. कॅमेऱ्याचंही तसंच.

पडद्यावर आता ज्योतीराम गोळी लागून रस्त्यात मरून पडलेला होता. पहारा त्याचाच, बाकीचे तिघे गेटच्या आत अडकलेले. तरी चित्र डगमगलं नाही. छातीच्या उंचीवरून सावकाश पुढे गेलं, एकेका जखमीपाशी वाकलं, चेहरा नीट दिसेपर्यंत थांबलं. आणि मागून गुणगुण, रामकृष्णहरी.

सोजरबाई पडद्याकडे झुकली. "त्येंचाच आवाज हाय."

"हो. आणि ते तर समोर पडलेत. संध्याकाळी कॅमेरा देवळात सापडला, वीणेच्या खुंटीला. कुणी टांगला, कुणालाच माहीत नाही."

"मला हाय म्हाईत."

त्यानं चित्र थांबवलं. "मावशी, हा आवाज राहिला, तर लोक म्हणतील सगळंच कॉम्प्युटरवर बनवलंय. गोळीबारसुद्धा. काढावा लागेल. कॅमेऱ्यातल्या मूळ चिपवरूनही; धाड पडली तर पोलीस तेवढंच धरून बसतील."

"मंजी कुटंच ऱ्हानार न्हाई?"

"नाही."

तिनं पदर डोक्यावर घेतला. "एकडाव पुन्यांदा लाव."

शेवटपर्यंत ती हात जोडून ऐकत बसली. गुणगुण थांबली, तरी ती पुसायला धम्मरत्नचा हात काही पुढे होईना.

"नाही जमत मला, मावशी. राहू दे."

"येडा का खुळा तू? त्येंनी त्या पोरांची तोंडं दावली, सोत्ताचा गळा न्हाई." तिनं खुर्ची पुढे ओढली. "पुसायला कुटं दाबायचं, तेवढं सांग."