कुसमीचा डावा अंगठा

जवळ सरका. सतरंजी भरली असेल तर या पोत्यावर बसा. महाराज कथेला उभे राहायला अजून अवकाश आहे. तोवर आमच्या वस्तीतल्या कुसमीची गोष्ट सांगते. खरी आहे, गोड नाही.

कुसमी ही बिलट सहनींची एकुलती लेक. बिहारात दरभंग्याकडच्या आम्हा मल्लाहांच्या, म्हणजे नावाड्यांच्या, घराघरांत मखाने फोडतात. कढईत काळं बी तापतं, डाव्या हाताने ते उचलून फळीवर ठेवायचं आणि उजव्या हाताने लाकडी थापी मारायची, की पांढरी लाही फुटते. बी निवलं की फुलत नाही, खडाच राहतो. म्हणून आमच्याकडे पोळल्या हाताकडे कोणी बघत बसत नाही.

माघात, मखान्याचं काम बंद असताना, कुसमीने पोलीस भरतीची लेखी परीक्षा दिली, तेव्हा डाव्या अंगठ्याचा ठसा घेतला होता. पास झाली. धावायच्या चाचणीला बोलावलं ते कार्तिकात, मखान्याच्या हंगामाच्या शेवटी. यंत्राला ठसा जुळेना. जुळणार कसा, अंगठ्यावर नुसता चट्टा. फोटो तिचाच होता, पण भरती मंडळ म्हणालं, फोटो बदलता येतो, अंगठा नाही. पत्र आलं: तुमच्या जागी दुसऱ्याच कोणी परीक्षा दिली, सबब पाच वर्षं कोणत्याही सरकारी भरती परीक्षेला बसायची मनाई. पुढचं साल तिचं शेवटचं होतं. त्यापुढे भरतीचं वयच उरत नव्हतं.

ती पाटण्याला हायकोर्टात गेली. जजसाहेबांनी ऐकून घेतलं आणि पुढच्या आश्विनातली एक तारीख दिली. त्या दिवशी तज्ज्ञ नवा ठसा घेणार, माघातल्या ठशाशी ताडून बघणार. जुळला तर बंदी उठणार.

झा वकिलांनी तिला बजावलं, "ज्येष्ठापासून विस्तवाकडे फिरकायचं नाही. कातडी येईल, रेषाही येतील. तुझा अंगठाच तुझा साक्षीदार."

हंगाम सुरू झाला तसे बिलटभाऊ एकटेच थापी मारू लागले. बाया कुसमीला छळायच्या. आली अंगठाराणी, हिला कोणीतरी पाणी पाजा गं, पेला धरला तर रेषा झिजतील. ती हसायची आणि अंगठ्याला तूप चोळायची. श्रावणात देवळात मला गाठून तिने अंगठा समईजवळ धरला. बारीक, वळणं घेत गेलेल्या रेषा. मी जानकीमाईला ओटीचा नवस बोलले.

तारखेला आठ दिवस होते. कढई उतरवलेली, बी अगदी वेळेवर आलेलं, आणि बिलटभाऊंना खोकल्याची उबळ आली. थापी सुटली, ते भिंतीला टेकून खाली बसले. कुसमीने त्यांना पाणी दिलं. पुढचं तिला आठवत नाही म्हणते. मी धावत गेले तेव्हा फळीपुढे पांढऱ्या लाह्यांचा ढीग होता, थापी तिच्या हातात होती आणि म्हातारा रडत होता.

"जाऊ द्यायचं होतंस गं," ते म्हणाले.

"बी निवत होतं, बाबू."

तिला मी काय बोलणार? तिच्या जागी मी असते तर माझाही हात त्या तापल्या बीकडे गेला असता.

तज्ज्ञाने लिहिलं: रेषा आढळत नाहीत, मत देता येत नाही. वकिलांनी मुदत मागितली. जजसाहेब वाईट नव्हते, मुदत दिली. तारीख होळीनंतर पडली, मग पुढे गेली, मग आणखी पुढे. रेषा पुन्हा आल्या, पण ठशाची पाळी आली तेव्हा वय गेलं होतं. आता ठसा घेऊन उपयोग काय, म्हणून अर्ज निकाली निघाला. बंदी कागदावर तशीच आहे. पत्रातलं ते 'दुसरंच कोणी' कोण, हे तिला अजून कोणी सांगितलेलं नाही.

महाराज सांगतात, विधात्याने कपाळी लिहिलेलं कोणाला पुसता येत नाही. मी मान डोलावते. पण अंगठ्यावर लिहिलेल्याचं मी त्यांना अजून विचारलेलं नाही. धीर होत नाही.

ऐका, टाळ वाजले. कथा संपली की प्रसादात मखाने येतील, आमच्याच वस्तीचे. तोंडात टाकण्याआधी कुसमीची एकदा आठवण काढा.