आदेश मास्तरांच्या नावाचा

"अर्जदार तुम्हीच का, मावशी?" खिडकीमागच्या कारकुनाने आदेशाची नक्कल उलटसुलट करत विचारलं.

"नाही, मी साक्षीदार. अर्जदार आमच्या शेजारी राहायचे ते मास्तर."

"मग अवमानाचा अर्जही त्यांनीच करायचा. आदेश त्यांच्या बाजूने झालाय."

"अहो, पण टाक्या परत सुरू केल्यात कारखानदाराने! वास आम्हाला येतो, मास्तरांना नाही."

कारकून माणूस वाईट नव्हता. "वासाचं मी काय सांगू? तुम्ही फार तर कोर्टाला साध्या कागदावर कळवू शकता. दखल घ्यायची की नाही, ते कोर्ट बघेल. त्यापेक्षा मास्तरांची सही आणा."

तिचं घर मुलाम्याच्या कारखान्याला लागून होतं. नळांना चकाकी आणण्यासाठी तिथे आम्लाच्या टाक्या उघड्यावर तापत आणि वाफ थेट तिच्या खोलीत शिरे. ती शिवणकाम करायची. नवरा दमेकरी, दिवसभर घरातच. मास्तर चार बुकं शिकलेले, म्हणून कोर्टात ते पुढे झाले. "सगळ्यांनी कशाला अडकायचं? एक नाव पुरे," असं ते म्हणाले, तेव्हा गल्लीला हायसं वाटलं होतं. तिलाही. चार वर्षं प्रत्येक तारखेला शिवण बाजूला टाकून ती त्यांच्याबरोबर गेली. शेवटी कोर्टाने टाक्या बंद करायला लावल्या. नवरा दोन महिने आडवा होऊन झोपला, एरवी भिंतीला टेकून झोपायचा. मग कारखानदाराने चढ्या भावाने मास्तरांचं घर घेतलं, मास्तर मुलाकडे राहायला गेले, आणि आठवड्याभरात टाक्या पुन्हा तापू लागल्या.

मास्तरांच्या नव्या घराच्या खिडक्या सताड उघड्या होत्या. त्यांनी तिला आग्रहाने बसवलं, चहा दिला, नवऱ्याची चौकशी केली. सहीचं निघाल्यावर मात्र चष्मा पुसायला घेतला.

"वहिनी, मी आता तिथे राहतच नाही. मी कुठल्या तोंडाने तक्रार करू?"

"आदेश तुमच्या नावाचा आहे, मास्तर. दुसऱ्या कोणाची सही चालत नाही म्हणतात."

"घर देताना मी त्याला शब्द दिलाय. लिहून दिलंय म्हणा ना."

"काय लिहून दिलंत?"

"की माझी काही तक्रार उरली नाही." त्यांनी चष्मा परत डोळ्यांवर चढवला. "खरंच नाही उरली हो."

ती म्हणाली, "साक्षीला उभी राहिले, तेव्हा त्याच्या वकिलाने मला खोटारडी म्हटलं. तुम्ही मागून म्हणालात, घाबरू नका, मी आहे."

"तुम्ही तेव्हाच अर्जात नाव घालायला हवं होतं," मास्तर म्हणाले.

तिने अर्धा चहा तसाच ठेवला आणि चपला घातल्या. जिन्यापर्यंत सोडायला आलेल्या मास्तरांकडे तिने वळून पाहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी तिने साध्या कागदावर जमेल तसं स्वतःच लिहिलं. कोण, कुठे राहते, टाक्या कोणत्या तारखेपासून सुरू आहेत, नवरा किती पावलं चालू शकतो. कारकुनाने शिक्का मारून कागद घेतला.

"उत्तर कधी येईल?"

"येईलच असं नाही, मावशी. याला उत्तर द्यावंच लागतं असं काही नाही."

घरी आली तेव्हा नवरा खाटेच्या कडेवर दोन्ही हात टेकून बसला होता. बोलायला त्याला मध्येच दम घ्यावा लागला.

"घेतला... कागद?"

"घेतला. शिक्कासुद्धा मारला."

"मग... बंद होतील."

"होतील ना."

तिने जुनं लुगडं बादलीत बुडवलं, पिळलं, आणि स्टुलावर चढून खिडकीच्या फटीत एका टोकापासून नीट खोचत गेली.