पाटी उचलली, दुकान राहिलं

मी एक जुना शॉर्टकट आहे. कॉम्प्युटरच्या पडद्यावर डाव्या कडेला जी छोटी छोटी चित्रं रांगेत उभी असतात, त्यांतलं एक चित्र. माझ्या खालच्या कोपऱ्यात एक वाकडा बाण आहे. तो शोभेसाठी दिलेला नाही. ‘मी म्हणजे ती वस्तू नव्हे, ती वस्तू दुसरीकडे आहे, मी फक्त तिकडची वाट दाखवतो,’ असं तो बाण जन्मभर कंठशोष करून सांगत असतो. पण मित्रांनो, त्या बाणाकडे एकाही माणसाने कधी नीट पाहिलेलं नाही, म्हणून मी चिडलेला आहे. आपली कहाणी शांतपणे सांगायची असते म्हणे. मला ते जमणार नाही.

माझा जन्म ज्या घरात झाला त्या घरातले चिरंजीव तेव्हा शाळेत होते. कॉम्प्युटरच्या डब्यात दोन डिस्क होत्या. एक सी नावाची, लहान, तिच्यात कॉम्प्युटर स्वतः राही. दुसरी डी नावाची, मोठी, सामानसुमान ठेवायला. चिरंजीवांनी कुणाकडून तरी रंग जुळवायच्या एका खेळाची सीडी आणली आणि ती आत सरकवली. कॉम्प्युटरने अदबीने विचारलं, खेळ कुठे ठेवू? चिरंजीवांनी स्वतःच्या हाताने निवडलं: डी, त्यात गेम्स नावाचं फोल्डर, त्यात रंगजुळणी. मग कॉम्प्युटरने विचारलं, पडद्यावर एक शॉर्टकट ठेवू का? चिरंजीव म्हणाले, हो. तो मी. जन्मल्याबरोबर मला तो पत्ता पाठ करायला लावला आणि तेवढं एकच पाठांतर घेऊन मी आयुष्य काढलं. खेळ कुठे ठेवला हे तुम्हीही लक्षात ठेवा. चिरंजीवांनी ठेवलं नाही.

खेळ आणला मुलाने, पण तो जडला वडिलांना. पेंटरकाका दुकानांच्या पाट्या रंगवत. घराच्या पुढच्या खोलीतच त्यांचं काम चाले. पडद्यातून मला समोरचं तेवढं दिसतं: भिंतीला टेकवलेले पत्रे, रंगाचे डबे, बरणीत उभे ठेवलेले ब्रश, दोरीवर टाकलेली डागाळलेली फडकी. पाटीला रंगाचा पहिला हात दिला की तो वाळेपर्यंत दुसरा देता येत नाही. तेवढ्या वेळात काका बोटं पुसत माझ्यासमोर येऊन बसत.

“पहिला हात वाळतोय तोवर,” ते काकूंना सांगत.

“रंगाची बोटं माऊसला लावू नका,” काकू आतून म्हणत. त्या बघायलाही येत नसत, कारण बोटं लागणार हे त्यांना ठाऊक असे.

खेळ साधाच होता. रंगीत चौकोनांचा ढीग. एक चौकोन बटण दाबून धरायचा, तसाच धरून ओढत न्यायचा आणि त्याच रंगाच्या चौकोनाशेजारी सोडायचा. मध्येच बोट सुटलं की चौकोन परत आपल्या जागी. पुढे पुढे तर नुसत्या हिरव्याच्याच इतक्या छटा येत की चिरंजीव डोळे चोळत उठून जात. काका मात्र एकही छटा चुकत नसत. “हा पोपटी नव्हे, यात पिवळा जास्त पडलाय,” असं ते पडद्यालाच सुनावत आणि बरोबर जागी नेऊन सोडत. चिरंजीवांचे मित्र येऊन डब्याची बटणं दाबायला लागले, तेव्हा काकांनी डब्याच्या अंगावर ‘हात लावू नये’ असं झोकदार लाल अक्षरांत रंगवून टाकलं, अक्षरांना खालून काळी सावली देऊन. तसं सुरेख अक्षर त्या रस्त्यावरच्या कुठल्या दुकानावरही नव्हतं.

त्या काळात माझं कौतुकही पुष्कळ झालं. “हा बघ आमचा गेम,” असं म्हणून लोक माझ्याकडे बोट दाखवत. मला ते तेव्हाही झोंबायचं. सगळा संसार तिकडे डीमध्ये, राबतोय बिचारा खेळ, आणि हार माझ्या गळ्यात.

मग एक दिवस रंगवता रंगवता काकांच्या हातातून ब्रश पडला. ते उचलायला वाकले आणि हातच उचलेना. काकू धावल्या, शेजारी आले, काकांना उचलून नेलं. त्यानंतर समोरची खुर्ची रिकामी राहिली. पहिला हात दिलेली एक पाटी तशीच भिंतीला टेकून होती. ती केव्हाच वाळली होती.

पुढचं मला काकूंच्या बोलण्यातून कळलं. काकांचा जीव वाचला, बोलणं सुधारलं, पाय चालू लागले. उजवा हात तेवढा रुसला. उपचार केंद्रात रोज व्यायाम घेणाऱ्या बाई त्यांना मऊ चेंडू दाबायला द्यायच्या, कपड्यांचे चिमटे उघडायला सांगायच्या. काका चेंडू भिरकावून द्यायचे. “मी काय बालवाडीत आहे का?” म्हणायचे. बाईंनी काकूंना बाजूला घेऊन स्पष्ट सांगितलं, हात आता हलला तर हलेल, असाच पडून राहिला तर कायमचा जाईल. हात परत आला तर ते पेंटर, नाही तर ब्रश कायमचे बरणीत. बाईंनी विचारलं, घरी ब्रश सोडून हाताने आवडीचं काय करायचे? काकू म्हणाल्या, एक रंगांचा खेळ खेळायचे. बाई म्हणाल्या, मग तोच आणा.

हे काम कुणाकडे आलं? चिरंजीवांकडे. चिरंजीव आता मोठे झाले होते, ऑफिसात जात होते, आणि कॉम्प्युटरमधलं आपल्याला सगळं कळतं अशी त्यांची पक्की समजूत होती. ते आले, उभ्या उभ्या मला उचललं, कट केलं, पेनड्राइव्हमध्ये टाकलं आणि खिशात घातलं. मी अंधारात ओरडत होतो. अरे, कुठे नेतोस मला एकट्याला? खेळ मागे राहिलाय! पण शॉर्टकटला तोंड नसतं. काढता पाय घेताना चिरंजीव आईला म्हणालेले मी ऐकलं, “घेतलं सगळं. हा जुना डबा आता भंगारात देऊन टाकू. उगाच जागा अडवतोय.” ज्या माणसाने स्वतः निवडून खेळ डीमध्ये ठेवला, तोच माणूस हे म्हणाला. माझ्या अंगाचा तिळपापड झाला.

एका नव्या लॅपटॉपवर मला उतरवलं. तिथे डी नव्हतीच. माझं रंगीत चित्रही मिटलं आणि मी एक कोरा पांढरा कागद झालो. तरी कुणाला शंका आली नाही. समोर उपचार केंद्रातल्या खोलीत खाटेवर काका उशांना टेकून बसलेले, शेजारी काकू, पायथ्याशी बाई, आणि लॅपटॉप धरून चिरंजीव. काकांनी मला पाहिलं. खाली ‘रंगजुळणी’ हे नाव वाचलं. कित्येक दिवसांनी त्यांचे डोळे हसले, असं काकू नंतर म्हणायच्या. मी ते समोरून पाहिलंय, ते खरं आहे.

काकांनी डाव्या हाताने उजवा हात उचलून माऊसवर ठेवला. बोटं वाकडी झाली होती. त्यांनी श्वास रोखून बोट दाबलं, सोडलं, पुन्हा दाबलं. मित्रांनो, दोनदा पाठोपाठ बटण दाबणं तुम्हाला खेळ वाटतो. काकांच्या कपाळावर घाम आला होता. आणि त्यांनी दाबलं, अगदी बिनचूक. मी धावत माझ्या पत्त्यावर गेलो. तिथे काहीच नव्हतं. पडद्यावर पाटी आली: हा शॉर्टकट ज्याकडे नेतो ती वस्तू सापडत नाही.

काकांनी पुन्हा दाबलं. पुन्हा तेच. त्यांनी तिसऱ्यांदा दाबलं.

“बाबा, घाई नका करू,” चिरंजीव म्हणाले. “तुमचं क्लिक नीट लागत नाहीये.”

मी हे वाक्य विसरणार नाही. त्या हाताने आयुष्यातलं सगळ्यात अवघड काम नुकतंच करून दाखवलं होतं. चूक होती ती खिशात नुसती पाटी घालून आणणाऱ्याची, आणि दोष गेला हाताच्या माथी.  काकांनी डाव्या हाताने उजवा उचलला आणि पांघरुणाखाली घातला.

“होईल हळूहळू,” काकू म्हणाल्या.

“नाही होणार,” काका म्हणाले. “बघितलंत ना सगळ्यांनी.”

त्यानंतर हात पांघरुणाबाहेर आलाच नाही. बाई विनवत, काकू रागवत, काका भिंतीकडे तोंड करत. लॅपटॉप त्यांच्यासमोर उघडाच असे, आणि मी तिथे पांढरा चेहरा घेऊन उभा. मला ठाऊक होतं खेळ कुठे आहे. एवढं एकच मला ठाऊक होतं. माऊसचं उजवं बटण एकदा दाबलं असतं तर मी घडाघडा सगळा पत्ता सांगितला असता. पण विचारणार कोण? चिरंजीव फोनवर म्हणत होते, गेमच बिघडला असेल, दुसरा टाकतो. आणि तिकडे भंगारवाल्याला सांगावा गेला होता.

शेवटी बाईंनी एका सकाळी पांघरूण ओढून काढलं. “काका, एकदाच. मग मी पुन्हा म्हणणार नाही.”

“घ्या,” काका चिडून म्हणाले, आणि त्यांनी तो हात उचलून माऊसवर आपटला. तळव्याची कड उजव्या बटणावर पडली. माझ्यावर एक यादी उलगडली. काका आणखी वैतागले. ती बंद करायला त्यांनी पुन्हा हात आपटला, त्या धक्क्याने माऊस सरकला आणि दाब नेमका यादीच्या सगळ्यात खालच्या ओळीवर पडला. प्रॉपर्टीज, म्हणजे माझा सगळा ठावठिकाणा. एक चौकट उघडली आणि तिच्यात, जन्मापासून मी जे पाठ केलं होतं, ते लख्ख अक्षरांत उमटलं.

“आता हे काय नवीन?” म्हणत काकू चष्मा लावून पुढे आल्या. त्यांनी एकेक शब्द वाचला. “डी. गेम्स. रंगजुळणी.” त्या थबकल्या. “डी म्हणजे त्या घरच्या डब्यातली मोठी. तिच्यात मी तुमच्या पाट्यांचे फोटो ठेवायचे. अहो, खेळ तिकडेच आहे. इथे आलेलाच नाही.”

काका चौकटीकडे बघत राहिले. मग त्यांनी विचारलं, “म्हणजे माझं क्लिक लागत होतं?”

“पहिल्यापासून लागत होतं, काका,” बाई म्हणाल्या.

काकूंनी तिथूनच चिरंजीवांना फोन लावला. “तू काय आणलंस रे?”

“गेम आणला ना.”

“पाटी उचलून आणलीस. दुकान तिकडेच राहिलं. पेंटरचा मुलगा आहेस तू, आणि तुला पाटी आणि दुकान यातला फरक कळत नाही?” चिरंजीव काहीतरी पुटपुटले. काकूंचा चेहरा उतरला. “कधी दिलास?”

डबा आदल्या दिवशीच भंगारात गेला होता. काकूंनी पदर खोचला आणि त्या तडक निघाल्या. चिरंजीवांना ऑफिस सोडून त्यांना वाटेतच गाठावं लागलं. काकूंनी नंतर सांगितलं, भंगाराच्या दुकानात डब्यांचे सांगाडे रचलेले होते, डिस्क वेगळ्या काढून टोपलीत टाकलेल्या होत्या, एकीसारखी दुसरी. काकूंनी कपाळावर हात मारला. मग त्यांना मालकाच्या खुर्चीमागे आपला डबा दिसला. तो मालकाने उघडलाच नव्हता. “कसलं अक्षर आहे हे,” तो म्हणाला. “फोडायला हात धजेना. म्हटलं, ठेवू इथेच.” ‘हात लावू नये’ ही जगातली एकच पाटी असेल जिचं कुणीतरी ऐकलं.

खेळ जुन्या काळातला होता, त्याचं सगळं बिऱ्हाड एकाच फोल्डरमध्ये मावत होतं. चिरंजीवांनी ते अख्खं फोल्डर लॅपटॉपवर आणलं. या वेळी त्यांनी आईला दाखवून खात्री करून घेतली. पडद्यावर त्याचा एक नवा शॉर्टकट उभा राहिला, रंगीत, ताजा, माझ्याच नावाचा. मी शेजारी तसाच पांढरा.

काका खेळू लागले. सुरुवातीला चौकोन अर्ध्या वाटेतच सुटायचा आणि मागे पळायचा. काका शिवी हासडायचे आणि पुन्हा धरायचे. मला तो राग फार आवडायचा. तो पांघरुणाखालच्या गप्प बसण्यापेक्षा लाख पटीने चांगला होता.

मग काका घरी आले. चिरंजीव एकदा पडदा आवरायला बसले आणि मला काढून टाकायला निघाले. “थांब,” काका म्हणाले. “मी टाकतो.” त्यांनी माझ्यावर बोट दाबलं आणि सोडलं नाही. कोपऱ्यातली कचरापेटी पार पडद्याच्या दुसऱ्या टोकाला होती. ते मला ओढत निघाले. हात थरथरत होता, मी लटपटत होतो, मध्ये एकदा आम्ही दोघंही थांबलो. पण बोट सुटलं नाही. कचरापेटीवर नेऊन त्यांनी मला सोडलं आणि मी आत पडलो.

बरं, टाकलं तर टाकलं, सुखाने पडू द्यावं. तेही नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी काकांनी मला परत बाहेर काढलं आणि पुन्हा ओढत नेऊन टाकलं. मग रोजच. बाईंनी सांगितलेला व्यायाम म्हणे. जन्मभर नुसती वाट दाखवली, आता रोज कचऱ्यात जायची नोकरी. मी रोज चिडायचो आणि रोज त्या बोटाखाली ताठ उभा राहायचो.

एक दिवस मात्र सकाळ झाली, ऊन चढलं, तरी मला कुणी काढलं नाही. मी आत धुमसत होतो. विसरला हा माणूस. सगळे विसरतात. दुपारी खुर्ची सरकल्याचा आवाज झाला.

“रंगाची बोटं माऊसला लावू नका,” काकू आतून म्हणाल्या.

“पहिला हात वाळतोय तोवर,” काका म्हणाले आणि त्यांनी खेळ उघडला. मला काढलंच नाही.

मित्रांनो, माझा राग अजून गेलेला नाही. तुम्हीही कधी एखादं चित्र पुसून खेळ गेला म्हणाल, चित्र उचलून खेळ आणला म्हणाल आणि मग समोरच्याच्या हाताला दोष द्याल. तसं करण्याआधी उजवं बटण दाबा आणि आम्हाला पत्ता विचारा. आम्ही खोटं सांगत नाही. एवढं कराल तर माझी कचरापेटी खुशाल रिकामी करा. आता कुणालाही माझी गरज नाही.