पाच ब्रासचा पंचनामा

गुणाबाईच्या हातात पास होता आणि समोर नदी होती. नव्हती ती फक्त वाळू. घरकुलवाल्यांना पाच ब्रास वाळू फुकट, असा सरकारचा नियम. पासावर घाटाचं नाव, शिक्का, सही, सगळं जिथल्या तिथं. मुदत आज संध्याकाळी सहापर्यंत. आणि घाटात पोकलेननं पाडलेले विहिरीएवढे खड्डे.

खड्डे पाडणारा ठेकेदार अण्णाराव तलाठी दीपमाला मॅडमच्या शेजारीच उभा होता. त्यानं खिशातून शाईचं पॅड काढलं. वाळूवाल्याच्या खिशात शाईचं पॅड कशाला, हे ज्याचं त्यानं समजून घ्यावं.

"गुणाकाकू, या घाटातून पाच ब्रास मिळाली म्हून अंगठा करा. दुपारून माझ्या साठ्यातली वाळू तुमच्या दारात पडती. तुमचा पोरगा बालाजीच माझा ट्रॅक्टर घिऊन येतो."

मोह झाला, खोटं कशाला बोला. दोन पावसाळे तिनं पत्र्याखाली काढले होते. पाया भरून सहा महिने झाले तरी भिंत उभी राहीना. पण नदीकाठची पिण्याची विहीर याच खड्ड्यांनी आटवली होती. घाटात वाळू आहे असं कागदावर आलं की पुढल्या साली पुन्हा लिलाव, पुन्हा पोकलेन. तिनं अंगठा मुठीत घेतला.

"मॅडम, कुणी घमेलंभर वाळू नेली की तुमी पंचनामा करता. इथं तर नदीच नेली. करा की पंचनामा."

"नसलेल्या वाळूचा?" अण्णाराव हसला.

"हाव. तिचाच."

मॅडम नांदेडच्या, नोकरीचं पहिलंच वर्ष. त्यांनी एकदा अण्णारावकडे पाहिलं, एकदा पासाकडे, आणि पिशवीतून टेप काढला. "दोन पंच लागतील, मावशी."

पुलावर पंधरा-वीस माणसं तमाशा बघत होती. पंच म्हणताच कुणाला बैल आठवला, कुणाला दवाखाना. गुणाबाईचं डोकं सणकलं.

"मग अण्णाराव, तुमीच व्हा पंच! या खड्ड्याची खोली तुमच्याइतकी कुणाला ठावं हाय?"

पुलावर कुणीतरी फिसकन हसलं. गुणाबाईनं पदर खोचला, टेपाचं टोक हातात घेतलं आणि साठीच्या गुडघ्यांनिशी ती खड्ड्यात उतरली. घसरली, कोपर सोललं, पण तळाला गेली. तळाला ना वाळू, ना पाणी; नुसता पांढरा मुरूम. तिनं टेपाचं टोक पायाखाली दाबलं.

"वरचं टोक कोण धरतंय?"

ट्रॅक्टरवर बसलेला बालाजी खाली मान घालून उतरला. "माय, वर ये. कामून असं करून राहिलीस?"

"आधी टोक धर."

"बाल्या, टोक धरलंस तर चावी ठेवून जायचं," अण्णाराव म्हणाला.

बालाजीनं खड्ड्यात पाहिलं. खाली माय, हातात चावी. मग त्यानं चावी दगडावर ठेवली आणि टेप ताणून धरला.

"चौदा फूट," मॅडमनी मोठ्यानं वाचलं. "पंच क्रमांक एक, बालाजी. दुसरा कोण?"

रोज दीड कोसावरून पाणी आणणारी पंचशीला पुलावरून खाली आली, रिकामी घागर कडेवर घेऊनच. "माझं नाव लिवा. विहीर आटल्याचं बी लिवा."

बालाजीनं खड्ड्यात उतरून आईला हात देत वर आणलं. मॅडमनी लिहिलं, "उपलब्ध वाळू निरंक."

"म्हंजी?"

"काहीच नाही." मॅडमचा आवाज उतरला. "मावशी, हे लिहिलं की तुमचा पास वाया जाणार. दुसरा कधी मिळेल, मला सांगता येत नाही."

गुणाबाईच्या डोळ्यांपुढं भिंतीवाचूनचा पाया आला. अण्णाराव मोटारसायकलीला किक मारत होता.

"अण्णाराव, थांबा जरा," तिनं हाक मारली आणि पंचनाम्यापुढं अंगठा धरला. "ते पॅड द्या इकडं. आता लागतंय."