एलेनबर्गसाहेबांचा क्लोजअप

आईचा तरुणपणीचा एकही फोटो आमच्याकडे नाही. जे होते ते तिनं माझ्या जन्माआधीच बंबात घातले. मुंबईत एका जर्मन दिग्दर्शकाच्या मूकपटात तिनं काम केलं होतं, एवढं मला मामाकडून कळलं होतं. पुन्हा ती कॅमेऱ्यासमोर उभी राहिली नाही. का, असं विचारलं की पोळपाट आपटायची.

म्हणून एकाहत्तरच्या हिवाळ्यात पेपरात बातमी वाचली आणि माझा चहा तसाच राहिला. तोच जर्मन दिग्दर्शक, कुर्ट एलेनबर्ग, आमच्याच लंडनमध्ये, कॅमडेनजवळच्या एका ज्यू वृद्धाश्रमात राहत होता. त्या सिनेमाचा उरलेला एकुलता एक तुकडा त्याच्यापाशी होता. आईला जाऊन दोन वर्षं झाली होती. मला तिचा विशीतला चेहरा एकदा बघायचा होता, बाकी काही नको होतं.

"लिली, उगाच अपसेट होशील," गर्शोन म्हणाले. एअरपोर्टवरची शिफ्ट संपवून नुकतेच आले होते. "आईंनी स्वतः कधी त्याचं नाव काढलं नाही. लीव्ह इट."

"तुम्ही जेवून घ्या. मी ट्यूब रेल्वेनं जाऊन येते."

नवऱ्याचं ऐकायची आमच्या घरात पद्धत नाही. हाउन्सलोहून मी एकटीच निघाले.

म्हातारा ऐंशीच्या पुढचा होता. कोटाची सगळी बटणं लावून खुर्चीत बसलेला. मी आईचं नाव सांगताच "मिल्काची मुलगी!" म्हणत त्यानं माझ्या हाताचं चुंबन घेतलं. मला ते आवडलं नाही, पण पाहुणी म्हणून हात काढून घेतला नाही.

मग स्वारी सुरू झाली. बर्लिनमध्ये त्याच्या नावावर थिएटरं भरायची. मोटार होती, नट्या दाराशी ताटकळायच्या. कंपनीनं मुंबईला पाठवलं, परत गेला तर बोलपट आलेले. मग नाझी आले. त्यांनी आधी त्याचं नाव पुसलं, मग चित्रपट जाळले. इंग्लंडमध्ये येऊन त्यानं बिस्किटांच्या कारखान्यात डबे भरले. हे मात्र त्यानं खाली बघत सांगितलं, आणि मला त्याची दया आली.

"माझं एवढंच उरलं," तो कपाटातला पत्र्याचा डबा काढत म्हणाला. "तुमच्या आईचा क्लोजअप. सिनेमावर लिहिणारे लोक अजून येतात बघायला. राजापुढे एक आई मुलासाठी गयावया करते. मी तिला एकदाच समजावलं. बर्लिनच्या कुठल्या नटीला हे जमलं नसतं!"

"तिला जर्मन कुठं येत होतं?"

"गरजच नव्हती. मूकपट! नटांनी आपल्या भाषेत काहीही बोलावं. दुभाष्यालासुद्धा मी शॉट चालू असताना तोंड उघडू देत नसे. मीच ओरडायचो, आणखी! आणखी!"

त्यानं पडदा ओढला, लहानशा प्रोजेक्टरचा दिवा लावला आणि हातानं हँडल फिरवू लागला. भिंतीवर आई आली.

किती सुंदर होती माझी आई! नाक थेट माझं. मी हसले, मोठ्यानं हसले. मग तिचे ओठ हलू लागले.

घशाचं ऑपरेशन झाल्यावर शेवटची दोन वर्षं आईला आवाज नव्हता. पाणी हवं, उशी सरकव, दिवा घालव, सगळं मी तिच्या ओठांवरून ओळखायची. ते हेच ओठ होते.

"साहेब, माझा शिमोन तापानं फणफणलाय. डोळे उघडत नाही. सकाळपासून मॅनेजरला सांगतेय. एलियाहू हन्नबीला मलिदा बोललेय. पाया पडते, मला घरी जाऊ द्या."

शिमोन माझा भाऊ. मी त्याला पाहिलेलं नाही. आई कामावर असताना तो तापानं गेला, संध्याकाळी ती पोचली तेव्हा सगळं संपलं होतं, असं मामा सांगायचा. एलियाहू हन्नबी म्हणजे आम्हा मराठी ज्यूंचा नवसाला पावणारा पैगंबर; त्याच्या नावानं आई दरवर्षी गोड पोह्यांचा मलिदा करायची, सगळ्यांना वाढायची, आणि स्वतः मात्र कधी घास घ्यायची नाही.

भिंतीवर ती अजून हात जोडून उभी होती. मग तुकडा संपला.

"काय म्हणते ती?" म्हाताऱ्यानं विचारलं. त्याचे डोळे लकाकत होते. "सगळे मला विचारतात. मला कधीच कळलं नाही."

खोटं बोलणं सोपं होतं. काहीतरी राजा, न्याय, दया सांगितलं असतं तर म्हातारा सुखानं मेला असता. पण मला ते जमलं नाही. मी शब्द न् शब्द सांगितला.

"मॅनेजर मला बोलला नाही," तो म्हणाला. आणि मग, "मी ओरडत होतो. आणखी."

"हो."

"मूल?"

"गेलं. त्याच संध्याकाळी."

त्यानं फिल्म मागं गुंडाळली. टोक त्याला अडकवता येईना, तेव्हा मीच अडकवून दिलं. पुन्हा हँडल फिरलं, पुन्हा आई आली, तिनं हात जोडले. पहिला शब्द ओठांवर आला, आणि त्यानं हँडल थांबवून दिवा घालवला.

"मिल्का," तो अंधारात भिंतीला म्हणाला, "घरी जा."

तो रडत होता. मीही रडत होते. पण दिवा लावा, असं मला ओरडून सांगायचं होतं. मला आई अजून बघायची होती.